जलपिंपळी आणि फुलपाखरं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मेअखेरीस आभाळ भरून यायला लागलं की विचारणा सुरू होते: अंगणात, सोसायटीच्या मोकळ्या पट्ट्यात किंवा गच्चीवर जमिनीलगत पसरणारं, वर्षानुवर्षं टिकणारं, आपल्याच मातीतलं असं काय लावावं, म्हणजे फुलपाखरं येतील? माझं उत्तर बहुतेक वेळा एकच असतं, जलपिंपळी. तिच्याबद्दल पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

जलपिंपळी ओळखायची कशी?

तळ्याचा काठ, भातखाचराचा बांध, कालव्याची ओली कड, नदीपात्रातली गाळाची जमीन अशा ठिकाणी ती हमखास असते. आपण रोज तिच्यावर पाय देऊन जातो. शास्त्रीय नाव फायला नोडिफ्लोरा. जुन्या पुस्तकांत लिपिया नोडिफ्लोरा असं सापडेल. काही भागांत तिला रतोलिया म्हणतात.

खोड जमिनीला चिकटून सरपटतं आणि पेरापेरावर मुळं धरतं. पानं समोरासमोर, चमच्याच्या आकाराची. पान हातात घेऊन कड पाहा: देठाकडचा भाग सरळ, गुळगुळीत आणि टोकाकडच्या अर्ध्या भागालाच करवतीसारखे दात. ही खूण पक्की आहे. पानाच्या बगलेतून लांब दांडी निघते आणि तिच्या टोकाला जांभळट बोंड असतं. या बोंडाभोवती इवल्या पांढऱ्या फुलांचं कडं उमलतं. खालची फुलं आधी उघडतात, मग त्यांच्या वरची. त्यामुळे हे कडं दिवसागणिक वर सरकत जातं आणि बोंड लांबट होतं. ताज्या फुलाच्या मध्यावर पिवळसर ठिपका असतो आणि फूल जुनं होताना त्यावर गुलाबी-जांभळी छटा चढते. हे पाहायला खाली बसावं लागतं, उभ्याने दिसत नाही.

ती खरंच इथलीच आहे का? अमेरिकेतही मिळते म्हणतात.

दोन्ही खरं आहे. जगभरच्या उष्ण आणि उपोष्ण पट्ट्यात ही वनस्पती नैसर्गिकरीत्या आढळते आणि भारत त्यातच येतो. वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ मध्ये तिचं वर्णन केलं. आयुर्वेदात ती जलपिप्पली म्हणून येते. बाहेरून आणून बागेत लावलेली आणि मग सुटलेली अशी तिची गोष्ट नाही.

कोणती फुलपाखरं येतात?

इथे दोन गोष्टी वेगळ्या करून पाहायला हव्यात. फुलपाखरू मध प्यायला ज्या झाडावर येतं ते एक, आणि अंडी घालायला ज्या झाडावर येतं ते दुसरं. बहुतेक बागांत पहिल्याचीच सोय असते. फुलपाखरं येतात, पितात, निघून जातात. पिढी वाढते ती अळीच्या खाद्यवनस्पतीवर, आणि जलपिंपळी ही दोन्ही कामं करते. मला ती आवडते ती मुख्यतः याच कारणासाठी.

मधासाठी येतात ती प्रामुख्याने लहान फुलपाखरं: ग्रास ब्लू गटातली, अंगठ्याच्या नखाएवढी निळी-करडी, आणि जमिनीलगत झपकन उडणारी स्किपर. ग्रास ब्लूंची सोंड आखूड असते, त्यामुळे जलपिंपळीची उथळ फुलं त्यांना सोयीची पडतात. जास्वंदीसारख्या मोठ्या, खोल फुलाचा त्यांना उपयोग नसतो.

अंडी घालायला येतं ते पीकॉक पॅन्सी. केशरी पंख, मागच्या पंखावर मोराच्या पिसाऱ्यासारखा मोठा डोळा. ते उन्हात पंख पसरून जमिनीवर बसतं, त्यामुळे ओळखायला सोपं. पावसाळ्यात जन्मलेल्या पिढीत पंखांच्या खालच्या बाजूला ठळक डोळे असतात. कोरड्या ऋतूतल्या पिढीची खालची बाजू थेट वाळक्या पानासारखी, पंखांची टोकंही कोनदार. मिटल्या पंखांनी बसलं तर शेजारी उभं राहूनही दिसत नाही. जात एकच, पण ऑगस्टमधलं आणि जानेवारीतलं फुलपाखरू शेजारी ठेवलं तर दोन वेगळी वाटावीत.

मादी अंडी घालायला आली की तिचं उडणं बदलतं. ती फुलांकडे वळत नाही. जमिनीलगत संथ फिरते, पानावर क्षणभर टेकते, पुन्हा उठते. फुलपाखरांना पायांनी चव कळते, म्हणून ती पान पारखत असते. पसंत पडलं की पोट वाकवून एक हिरवं, उभ्या रेषांचं, मोहरीहूनही लहान अंडं चिकटवते आणि पुढच्या पानाकडे जाते.

ब्लू मॉरमॉन येईल का? ते तर आपलं राज्य फुलपाखरू आहे.

महाराष्ट्राने २०१५ मध्ये ब्लू मॉरमॉनला राज्य फुलपाखराचा दर्जा दिला. असं फुलपाखरू जाहीर करणारं आपलं पहिलं राज्य. पण ते जलपिंपळीवर येणार नाही. त्याची अळी लिंबूवर्गातल्या झाडांवर वाढते आणि मोठं फुलपाखरू उंच, मोठ्या फुलांकडे जातं. जागा असेल तर लिंबू किंवा ईडलिंबू लावा आणि त्याच्या बाहेरच्या बाजूला, जिथे ऊन पोचतं, जलपिंपळी पसरू द्या.

नर्सरीवाले म्हणतात, वेडेलिया घ्या, तेही पसरतं आणि फुलपाखरंही येतात. चालेल का?

कृपया घेऊ नका. पिवळ्या फुलांची जी वेडेलिया, म्हणजे सिंगापूर डेझी, रस्त्याच्या दुभाजकांत आणि टाउनशिपमध्ये सर्रास लावतात, ती उष्णकटिबंधीय अमेरिकेतली आहे. जगातल्या १०० सर्वांत त्रासदायक आक्रमक जातींच्या यादीत तिचं नाव आहे. बागेतून काढून टाकलेला एक तुकडा ओढ्याकाठी पडला तरी तो रुजतो आणि पुढे ओढ्याकाठच्या बाकी सगळ्या वनस्पतींना गिळतो. याच यादीत घाणेरीही आहे. तिच्यावर फुलपाखरं झुंबड करतात हे खरं, पण पश्चिम घाटाच्या उतारांवर तिने काय केलंय ते सगळ्यांसमोर आहे. तिथे झाकली गेलेली प्रत्येक खाद्यवनस्पती म्हणजे कुठल्या तरी फुलपाखराची बुडालेली पिढी.

पिवळी फुलं हवीच असतील तर आपल्याकडचा पिवळा माका शोधा. तोही सरपटतो, ओलसर जागी छान वाढतो. दिसायला वेडेलियाशी मिळताजुळता आहे, म्हणून ओळखीच्या माणसाकडूनच घ्या.

रोप कुठे मिळेल?

साध्या नर्सरीत बहुतेक वेळा मिळत नाही, कारण तिथे तिला तण समजतात. देशी झाडांच्या रोपवाटिका आणि औषधी वनस्पतींच्या बागा इथे विचारून पाहा. नाहीतर गावाकडच्या तळ्याकाठी, शेताच्या बांधावर मालकाला विचारून चार-पाच फांद्या तोडा. मुळासकट गठ्ठा उपटू नका, फांद्या पुरतात. सांडपाण्याच्या नाल्यातली आणू नका. अभयारण्य, राष्ट्रीय उद्यान किंवा राखीव वनातून काहीही उचलू नका, अगदी एक कांडीसुद्धा.

फांदी ओल्या फडक्यात गुंडाळून आणली की दुसऱ्या दिवसापर्यंत तरतरीत राहते.

लावायची कधी आणि कशी?

पहिला चांगला पाऊस होऊन गेल्यावर, जून-जुलैत. पण काम त्याआधी सुरू होतं, आणि बहुतेकांचं फसतं ते इथेच.

जमिनीत हरळी आणि लव्हाळा असेल तर ते आधी काढा. लव्हाळ्याच्या गाठी खोल असतात. वरून उपटलं की पंधरवड्यात पुन्हा डोकं वर काढतो. एप्रिल-मेमध्ये जमीन फूटभर खणून, ढेकळं उलटून उन्हात तापू द्या आणि गाठी व मुळ्या वेचून काढा. तणनाशक मारू नका. जिथे अळ्या वाढाव्यात अशी इच्छा आहे तिथे त्याचं काम नाही.

मग:

- चार बोटं लांबीच्या, दोन-तीन पेरं असलेल्या कांड्या करा. पेर म्हणजे जिथे पानांची जोडी निघते ती जागा.
- खालचं एक पेर मातीत जाईल अशी कांडी आडवी-तिरपी खोचा. मुळं पेरातूनच येतात, त्यामुळे उभी टोचली आणि पेर बाहेर राहिलं तर ती सुकते.
- दोन कांड्यांत वीतभर ते सव्वा वीत अंतर ठेवा. ऊन चांगलं असेल तर पावसाळा संपेपर्यंत मधली जागा भरते.
- शेणखत हवं तर मूठभर, मातीत मिसळून. रासायनिक खत नको. नत्र जास्त झालं की पानं माजतात आणि फुलं कमी येतात.

खात्री वाटत नसेल तर कांड्या आधी पाण्याच्या पेल्यात ठेवा. आठ-दहा दिवसांत पेराला पांढरी मुळं दिसली की मातीत लावा. पावसाळा चुकला तर फेब्रुवारीतही लावता येते, फक्त महिनाभर रोज पाणी घालायची तयारी हवी.

काळी माती, तांबडी माती, मुरमाड भर, सगळीकडे ती धरते. उतारावर लावायची असेल तर कांड्या उताराला आडव्या ओळीत लावा. कोकणातल्या धो धो पावसात उभ्या ओळींतली माती पहिल्याच सरीत वाहून जाते.

ऊन किती लागतं?

पाच-सहा तास थेट ऊन असेल तर दाट गालिचा आणि भरपूर फुलं. दोन-तीन तासांत जगते, पण फांद्या लांबतात, पेरं विरळ होतात, फुलं तुरळक येतात. आंब्या-फणसाच्या गर्द सावलीत लावूच नका. तिथे कारिवणा बरा.

फुलपाखरांनाही ऊन हवंच असतं. त्यांचं शरीर बाहेरच्या उष्णतेवर तापतं, तेव्हाच उडता येतं. सकाळचं ऊन मिळणारी जागा सर्वांत चांगली.

पाणी?

पहिला महिना माती सुकू देऊ नका. नंतर हिवाळ्यात आठवड्यातून एकदा-दोनदा, उन्हाळ्यात दोन-तीनदा पुरतं. ती पाणथळ जागची आहे, तरी मुळं धरल्यावर कोरड तग धरून काढते. मराठवाड्यात किंवा नगरकडे एप्रिल-मेमध्ये पाणी देणं शक्य नसेल तर वरचा भाग तपकिरी पडेल, पानं लहान आणि लालसर होतील. उपटून टाकू नका. पेरं जिवंत असतात, वळीव पडला की फुटवे येतात. आंघोळीचं किंवा भाज्या धुतलेलं पाणी चालेल, डिटर्जंटचं नको.

लॉनच्या जागी लावली तर चालता येईल का? कापावी लागते का?

रोजची ये-जा, मधूनमधून बसणं तिला चालतं. मुलांचं क्रिकेट चालत नाही. जिथून सतत चालायचं तिथे फरश्या टाका आणि फटींत ती वाढू द्या, सुंदर दिसते. फुलं असताना तिच्यावर बारक्या फुलोरी मधमाश्याही असतात, म्हणून अनवाणी चालू नका.

मेक्सिकन लॉनची पाण्याची, खताची आणि दर पंधरवड्याच्या कापणीची हौस हिला नाही. वर्षातून दोनदा छाटली तरी पुरे: पावसाळ्याच्या तोंडावर एकदा आणि दिवाळीनंतर एकदा. छाटताना एका वेळी अर्धाच भाग छाटा आणि उरलेला तीन-चार आठवड्यांनी. एकदम सगळं कापलं तर अंडी, अळ्या, कोष सगळं कचऱ्याच्या पिशवीत जातं. कापलेला पाला दोन दिवस तिथेच शेजारी पसरून ठेवा. त्यातल्या अळ्या चालत हिरव्या भागाकडे जातात.

ती सगळीकडे पसरून त्रास देईल का?

पसरते, तोच तिचा गुण आहे. भाजीच्या वाफ्याशेजारी लावत असाल तर मध्ये वीतभर खोल विटा किंवा शहाबादी फरशीचे तुकडे उभे पुरा. कडेने बाहेर आलेल्या फांद्या हाताने सहज निघतात. मुळं लव्हाळ्यासारखी खोल नसतात.

फ्लॅटमध्ये राहतो, फक्त गॅलरी आहे.

वीतभर खोल, पसरट कुंडी घ्या. खोलीपेक्षा रुंदी महत्त्वाची. टांगत्या कुंडीतही कडेवरून छान लोंबते. गॅलरीला निम्म्या दिवसाचं ऊन हवं. कितव्या मजल्यापर्यंत फुलपाखरं येतात हे आजूबाजूला काय आहे यावर ठरतं. समोर झाडांचे शेंडे असतील तर वरच्या मजल्यांवरही येतात. ग्रास ब्लू मात्र जमिनीलगतची, त्यांच्यासाठी तळमजला आणि पहिल्या-दुसऱ्या मजल्याची गच्ची बरी.

पानांना भोकं पडली आहेत, काळ्या काटेरी अळ्या दिसतात. काय फवारू?

काहीही नाही. या प्रश्नाची मी वाट पाहत असते. अळी दिसली याचा अर्थ तुमची बाग चालू झाली.

पीकॉक पॅन्सीची अळी गडद रंगाची असते, अंगभर फांद्या फुटलेले काटे. दिसायला भीतीदायक, पण हे काटे विषारी नाहीत आणि चावण्याचा तर प्रश्नच नाही. तरी कुठल्याही अळीला हात न लावणं चांगलं, कारण काही पतंगांच्या केसाळ अळ्यांनी खरंच खाज उठते. अंड्यापासून फुलपाखरापर्यंतचा प्रवास उबदार हवेत साधारण महिन्याभराचा. तेवढे दिवस पानं कुरतडलेली दिसतील. जलपिंपळी त्यातून सहज सावरते. हजारो वर्षं ती हेच करत आली आहे.

«सेंद्रिय आहे, चालतं» म्हणून निंबोळी अर्क मारणारे पुष्कळ आहेत. निंबोळी अर्क अळीची भूक आणि कात टाकणं, दोन्ही बिघडवतो. फुलपाखराच्या अळीला तो वेगळा ओळखत नाही. बीटी नावाने मिळणारं जैविक कीटकनाशक तर अळ्यांसाठीच बनलेलं आहे. दोन्ही या पट्ट्यापासून लांब ठेवा. शेजारच्या कुंडीत मिरचीवर काही मारायचं असेल तर वारा कुठल्या दिशेचा आहे ते आधी पाहा.

पिठ्या ढेकूण झाले तर ती फांदी कापून टाका किंवा पाण्याचा जोरदार फवारा मारा. एवढंच.

अळ्या काही दिवसांनी दिसेनाशा झाल्या तर दोन शक्यता. एक, त्या कोष करायला आजूबाजूच्या काटक्या-भिंतींकडे गेल्या. दोन, दयाळ, बुलबुल किंवा गांधीलमाशीने नेल्या. एका मादीने घातलेल्या अंड्यांतून थोडीच शेवटपर्यंत पोचतात. पक्षीही त्याच बागेचे आहेत, त्यांना हाकलू नका.

मुंग्या फार झाल्या आहेत. पावडर टाकू का?

आधी नीट पाहा त्या कुठे जमल्या आहेत. ग्रास ब्लूच्या कुळातल्या अनेक अळ्या अंगातून गोड द्रव देतात, आणि तो मिळतो म्हणून मुंग्या त्यांच्याभोवती राहतात. परभक्षी कीटकांना जवळ येऊ देत नाहीत. पेल ग्रास ब्लूची अळी जिच्यावर वाढते त्या आंबुशीच्या रोपाशी मुंग्यांची लगबग दिसली तर पान उलटून बघा, पानाच्याच रंगाची चपटी अळी सापडू शकते. मुंग्यांची पावडर टाकलीत तर पहारेकरी मरतात आणि अळीही.

साप आणि डास वाढतील, असं सोसायटीत म्हणतात.

जलपिंपळी घोट्यापर्यंतही येत नाही. साप येतो तो उंदरांमागे आणि लपायला विटांचे ढीग, भंगार, उंच गवत असेल तर. ते आवरा. डास साचलेल्या पाण्यात वाढतात, पानांत नाही. डेंग्यूसाठी पालिकेला धुरळणी करावी लागली तर करू द्या, माणसांचं आरोग्य आधी. पण टाक्यांची झाकणं, कूलर, कुंड्यांखालच्या बशा दर आठवड्याला तपासल्या तर ती वेळ कमी येते.

फुलं भरपूर आहेत, फुलपाखरं मात्र नाहीत.

सकाळी नऊ ते बाराच्या दरम्यान, ऊन असताना, पाच मिनिटं एका जागी बसून पाहा. ग्रास ब्लू पंख मिटून बसलं की करडा ठिपका दिसतो, नजर सरावायला वेळ लागतो. पाऊस संपतानाचे दिवस, ऑगस्ट ते नोव्हेंबर, सर्वांत चांगले. मे महिन्यात निराश होऊ नका.

तरीही काहीच नसेल तर आजूबाजूला फवारणी होते का ते विचारा. आणि एका कोपऱ्यात ओल्या मातीचा छोटा पट्टा ठेवा. नर फुलपाखरं ओल्या चिखलातून क्षार शोषतात. पसरट ताटलीत माती, चिमूटभर लाकडाची राख आणि ओल राहील एवढंच पाणी पुरतं.

सोबत आणखी काय लावावं?

पट्ट्याच्या मागे कोरांटी: तिच्यावर लेमन पॅन्सीच्या अळ्या वाढतात आणि पिवळी फुलं मिळतात ती वेगळी. ओलसर कोपऱ्यात तालिमखाना, तो काटेरी आहे म्हणून मुलांच्या वाटेवर नको; त्याच्यावरही पीकॉक पॅन्सी वाढते. दूरच्या कुंपणाशी रुई, प्लेन टायगरसाठी.

आणि काही गोष्टी लावायच्या नाहीत, फक्त उपटायच्या थांबवायच्या आहेत. आंबुशी राहू द्या, पेल ग्रास ब्लूची अळी तीच खाते. घोळीची भाजी थोडी घरात आणि थोडी वाफ्यात ठेवा, डॅनेड एगफ्लायच्या अळ्यांना ती लागते. या फुलपाखराचा नर काळा, पंखांवर मोठे पांढरे डाग. मादी मात्र हुबेहूब प्लेन टायगरसारखी, कारण प्लेन टायगर पक्ष्यांना बेचव लागतं आणि त्याच्या रूपाआड ती सुरक्षित राहते. घोळ आणि रुई एकाच अंगणात असली की खरं कोण आणि सोंग कोणाचं हे शोधण्यात मुलांची सुट्टी छान जाते.

समुद्राजवळ घर आहे, खारा वारा सोसेल?

हो. किनाऱ्यालगतच्या वाळूतही ती नैसर्गिकरीत्या वाढते. रत्नागिरी, सिंधुदुर्ग, गोव्यात जिथे लॉन करपतं तिथे ही टिकते.

आम्ही परदेशात राहतो. तिथे लावता येईल?

टेक्सास, फ्लोरिडाकडे हीच वनस्पती तिथलीही देशी आहे आणि देशी झाडांच्या नर्सरीत फ्रॉगफ्रूट नावाने मिळते. तिथे तिच्यावर फेऑन क्रेसेंट, व्हाइट पीकॉक आणि बकआय यांच्या अळ्या वाढतात. बकआय आपल्या पॅन्सींच्याच वंशातलं. कडक थंडीत वरचा भाग सुकतो, वसंतात फुटतो. भारतातून कांड्या मात्र नेऊ नका. रोपं नेण्यावर निर्बंध असतात आणि तिथलीच घेणं तिथल्या मातीसाठीही बरं.

ऑस्ट्रेलियात जपून. तिथे लिपिया म्हणून ओळखली जाणारी फायला कॅनेसेन्स ही दक्षिण अमेरिकेतली बहीण मरे-डार्लिंग खोऱ्यातल्या पूरमैदानांत मोठं तण झाली आहे. दोघी इतक्या सारख्या दिसतात की आपल्या भागात काय लावायला परवानगी आहे हे स्थानिक कौन्सिलला विचारल्याशिवाय काही आणू नका.

आलेल्या फुलपाखरांची नोंद कुठे करायची?

मोबाइलवर फोटो काढा, शक्यतो पंखांची वरची आणि खालची दोन्ही बाजू, आणि आयनॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाका. ओळख पटवायला जाणकार मदत करतात. सप्टेंबरमध्ये देशभर बिग बटरफ्लाय मंथ साजरा होतो, तेव्हाच्या नोंदी विशेष उपयोगी. ठाण्याजवळच्या ओवळेकर वाडीतल्या फुलपाखरू उद्यानात एकदा जाऊन या, जाती प्रत्यक्ष पाहिल्या की पुढे घरी ओळखणं सोपं जातं. फोटोसोबत अळी कुठल्या वनस्पतीवर होती तेही लिहा. फुलपाखरांचे फोटो हजारोंनी असतात, खाद्यवनस्पतीच्या नोंदी फार थोड्या, आणि त्या अंगणात बसून पाहणाऱ्या माणसाकडूनच मिळतात.